एयांग तुमिनींचा आशीर्वाद

की गुयु नावाच्या गुरूंच्या चौथऱ्याला, अगदी जमिनीलगत, पितळेची एक जाळी होती. भर दुपारी तिला दव धरलं होतं. वरच्या ओळी कोरड्या, खालच्या ओळींवर बारीक थेंब. एंदांगनं वाकून पुन्हा पाहिलं. मंडपात शेकडो माणसं घामानं निथळत असताना एवढंसं पितळ गारठतं कशानं?

हा प्रश्न पडलेली ती एकटीच. बाकी सारं करांगलो गाव हसत होतं.

'की' म्हणजे गुरुजी आणि 'गुयु' म्हणजे हसू. रांगेतला माणूस पुढे येई, गुडघे टेकी आणि वडीलधाऱ्यांना करतात तसा सुंगकेम करी. चौथरा बुटका, त्यामुळे गुरूच्या गुडघ्याला कपाळ लावायचं तर नाक थेट जाळीशी येई. उठताना माणूस खिदळत असे.

"खांब वाकला!" तेंपे, म्हणजे सोयाबीनच्या वड्या विकणारा सुरातिन डोळे पुसत ओरडला. "अहो, खांब लाजतोय माझ्याकडे बघून!"

"कनातीवरच्या बाहुलीनं मला डोळा मारला!" त्याची बायको म्हणाली. त्यांच्याकडे पाहून रांगही हसायला लागली. त्याला चमत्कार कशाला लागतो?

"विश्व म्हणजे एक गुदगुली!" की गुयु रंगात आले होते. "सरळ दिसतं ते वाकडं, वाकडं दिसतं ते दैवी! ज्याला गुदगुली कळली, त्याला दुखणं कळत नाही!"

या शेवटच्या वाक्यानंच एंदांगच्या वडिलांचा घात चालवला होता. मधुमेहानं कार्सोनोंच्या उजव्या पायाची दोन बोटं काळी पडली होती. आत्ता काढली तर पाय वाचेल, नाहीतर गुडघ्यापर्यंत जाईल, असं डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं. कार्सोनो दर वेळी 'बघू' म्हणत आणि इथे येऊन बसत.

"बापाक, आज दवाखान्यात जायचं ठरलं होतं ना?"

"नदुक, पोरी, इथे हसलो की ठणका जातो. तुझा डॉक्टर हसवतो का?"

"ठणका जातो. काळेपणा जातो का?"

"तू शाळेतल्या पोरांना विज्ञान शिकव. बापाला नको."

त्यांना उठवायला ती खाली वाकली, तेव्हा गारसा, गोडसर वास आला. क्षणभर तिची स्वतःचीच बोटं लांब लांब होत गेल्यासारखी वाटली. ती उभी राहिली, दोन श्वास घेतले, बोटं पुन्हा बोटं झाली.

म्हणजे उभं राहिलं की चमत्कार संपतो. पण गुरूसमोर उभं राहणार कोण? वडीलधाऱ्यांच्या वर डोकं ठेवणं म्हणजे या गावात चोरीपेक्षा वाईट. या माणसाचं सगळं दुकान लोकांच्या चांगल्या वळणावर चाललं होतं. मग त्याच वळणाला कामाला लावायला हवं होतं.

दुसऱ्या दिवशी एयांग तुमिनी, साऱ्या गावाची आजी, बांबूच्या खुर्चीतून मंडपात आल्या. नव्वदी उलटलेली ही सुईण. तालुक्यातली निम्मी माणसं तिच्या हातून जगात आलेली. त्या सरळ चौथऱ्यावर चढल्या आणि गुरूच्या गादीवर ऐसपैस बसल्या.

"ये रे बाळा. पाया पड."

की गुयु हसले. "एयांग, मी आत्म्यानं वाकलेलोच आहे."

"आत्मा वाकला, मग कंबरेला काय झालं? तुला उलटा धरून पाठीत चापट मीच मारली होती. तेव्हा मात्र हसला नव्हतास हो."

मंडपात खसखस पिकली. मग कुजबुज सुरू झाली. एवढ्या म्हाताऱ्या बाईला सुंगकेम करत नाही? हा कसला गुरू?

की गुयुंनी चौथऱ्यावरून उतरून छाती भरून श्वास घेतला, गाल फुगवले आणि ते जाळीसमोर वाकले. एंदांगनं एयांगना एकच गोष्ट सांगून ठेवली होती: घाई करू नका. त्यांनी त्याच्या मानेवर हात दाबून ठेवला आणि आशीर्वाद द्यायला घेतला. बाप झाला, आजा झाला, पणजोबा झाले, त्यांच्या म्हशी झाल्या.

"थांब हं, तुझ्या आत्याचं नाव आठवतेय…"

गुरूची मान लाल झाली, मग जांभळी. शेवटी त्यांनी तोंड उघडून घटाघटा हवा ओढली. पुन्हा ओढली.

"ही ही ही! माझं नाक! नाक पार तळ्यापर्यंत गेलं! पार्तो! अरे पार्तो, मेल्या, बाटला बंद कर!"

पडद्यामागून गुरूचा मेहुणा पाना घेऊन धावत बाहेर आला.

"कुठला? मोठा का धाकटा?"

एंदांगनं पडदा ओढला. दवानं भिजलेले दोन बाटले, त्यांतून चौथऱ्याखाली गेलेली रबरी नळी. तिनं दोन्ही बाटले स्वतः बंद केले आणि मंडपाच्या कनाती उघडायला लावल्या.

"हा लाफिंग गॅस," ती म्हणाली. "दात काढताना देतात, केकवरचं क्रीम फुगवायलाही वापरतात. बाटल्यातून सुटताना गार होतो, म्हणून जाळीला दव. हवेपेक्षा जड, म्हणून खाली साचतो. डोकं खाली नेलं की छातीत जातो आणि खांब लाजायला लागतात. फार घेतला तर माणूस गुदमरून मरेलही. ठणका थांबतो, ते खरं आहे. पण आजार होता तिथेच असतो. माझ्यावरही विश्वास ठेवू नका. वारं खेळू द्या, मग पुन्हा वाका आणि स्वतः बघा."

थोड्या वेळानं सुरातिन पुढे झाला. जाळीशी नाक नेऊन बराच वेळ थांबला.

"खांब सरळच आहे," तो हिरमुसून म्हणाला.

की गुयु अजून फिदीफिदी हसत होते. त्यांच्याबरोबर आता कुणीच हसत नव्हतं.

कार्सोनोही वाकले. खूप वेळ तसेच राहिले. उठले तेव्हा चेहऱ्यावर ठणका होता, जसाच्या तसा.

"बोटं नसली तर मांडी घालून बसता येतं?" त्यांनी लेकीला विचारलं.

"येतं, बापाक. गुडघा गेला तर येत नाही."

त्यांनी काळ्या बोटांकडे पाहिलं, मग सगळ्या मंडपाकडे.

"चल," ते सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले. "डॉक्टरांना सांग, काढा म्हणावं बोटं. आजच काढा."