हिरव्या चष्म्यातलं पीक

राष्ट्राचं भवितव्य शेतकऱ्याच्या हातात असतं, हे वचन खरंच आहे. मिरचीपुरतं मात्र ते एकदा कृषी खात्यातल्या पुरुषोत्तम नेरकरांच्या नाकावर होतं. मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर डॉक्टरांनी दिलेला हिरवा चष्मा न काढताच ते पीकपाहणीला गेले. शेतं हिरवी, बांध हिरवे, जीपचा ड्रायव्हरसुद्धा हिरवा. अहवाल वर गेला: हिरव्या मिरचीत विक्रमी वाढ, लाल मिरची शून्य. तेव्हापासून देशात मिरची लाल व्हायची थांबली.

"साहेब, माझी जरा चूक झाली असावी," नेरकर फोनवर चाचरले.

"आकडा जाहीर झालाय, नेरकर. आता मिरचीनं त्याप्रमाणे वागायला नको का?"

मिरची वागली. एरवी सरकारचं कोण ऐकतं? डब्यांतलं जुनं तिखटही हिरवं पडलं. मटणाचा रस्सा हिरवा झाला, तेव्हा लोक म्हणाले, कोथिंबीर स्वस्त झाली असेल.

नेरकरांना धास्ती होती ती थोरल्या बहिणीची. निमाताईची नंदुरबारला पथारी होती, म्हणजे लाल मिरची वाळवायचं उघडं मैदान. त्याच पथारीच्या जिवावर तिनं त्यांना शिकवलं होतं. आता तिथं हिरवा माल पसरला होता आणि लाल न होताच सडत होता. यंदा व्यापाऱ्याला लाल माल दाखवता आला नाही, तर पथारी मोडायची, असं ताईनं ठरवलं होतं.

नेरकर कबुली द्यायला गेले. बाया देठ खुडत बसल्या होत्या.

"बायांनो, हा माझा भाऊ. मिरचीचा मोठा साहेब आहे," ताई म्हणाली. "पुरू, तूच सांग बाबा, कोणाची दृष्ट लागली रे माझ्या मालाला?"

'माझी', एवढंच म्हणायचं होतं. नेरकरांनी तोंड उघडलं. तापले ते फक्त कान.

"ताई, साहेबाचे कान बघा," जमनाबाई देठ टाकून म्हणाली.

कान लाल झाले होते. मग मान झाली, मग गाल. अख्ख्या मैदानात दुसरं लाल काही नव्हतं. ताईनं त्यांच्या कानाची पाळी चिमटीत धरून पाहिली.

"ताई, मला काही सांगायचंय."

"सांगशील रे. आधी आडवा हो. ऊन चाललंय."

नेरकर आडवे झाले. दुपारी बायांनी त्यांना पालथं केलं.

"पुढच्या वर्षी दोन साहेब मागवा, ताई," जमनाबाई म्हणाली, आणि बाया पदर तोंडाला लावून हसल्या.

रोज सकाळी नेरकर ठरवत, आज बोलायचंच. पण बोलू म्हटलं की लाज वाटायची, लाज वाटली की रंग चढायचा, आणि रंग चढला की ताईचा चेहरा असा खुलायचा की त्यांच्याच्यानं बोलवत नसे. हळूहळू कातडीला सुरकुत्या आल्या. कूस बदलली की आत बिया वाजू लागल्या.

मग माल बघायला व्यापारी हिरालालशेठ आले. शेठनी नेरकरांची करंगळी उचलली, कट्‌कन मोडली, हुंगली, टोक जिभेवर ठेवलं. ताई पदराचं टोक मुठीत धरून उभी होती.

"रंग फर्स्टक्लास," शेठ म्हणाले, आणि बाजूला थुंकले. "तिखट अजिबात नाही."