माझ्या पाठीवरची अट

मित्रांनो, मी एक जुना कागद आहे. पण नुसता कागद म्हणू नका हं, मला राग येतो. मी खरेदीखत आहे, इंझोरीच्या एका शेताचे, त्यातल्या दगडी विहिरीसकट. चाळीस-बेचाळीस वर्षांपूर्वी तालुक्याच्या गावी, मानोऱ्याला, एका लिंबाखाली, दस्त लिहिणाऱ्या रामरावांच्या लाकडी पेटीवर माझा जन्म झाला. दोन पानांचा माझा देह. पहिल्या पानावर मुद्रांक, दुसऱ्यावर चतुःसीमा आणि सह्या. अक्षर काय देखणे होते, विचारू नका!

शेत विकणारी रीताबाई ख्रिस्ती होती. सरकारी दवाखान्यात नर्स होती आणि बदली होऊन दूर चालली होती. घेणारे जानराव इंझोरीचेच शेतकरी, बौद्ध. साक्षीदार म्हणून जवळच्या बंजारा तांड्यातले भाऊसिंग आले होते आणि त्यांच्यासोबत त्यांची नवी नवरी मोतीबाई. सह्या झाल्या, पाने भरली. तेवढ्यात रीताबाई म्हणाली, "थांबा, विहिरीचं राह्यलं. तांड्यावरच्या बाया तिथून पानी नेतात. त्याईले कोनी अडवू नये. जानराव, तुमच्या पोरानं नाही, अन् पुढं जो घेईन त्यानंबी नाही. हे लिहा."

रामराव हसले. "बाई, पैसे भेटले, शेत गेलं. आता तुमाले काय करा लागते?"

"पैसे देले, शेत देलं, तो सौदा. तो आजच संपला," ती म्हणाली. "हा करार आहे. आमच्या चर्चमंदी सांगतात, देवानं मानसासंग करार केला. मानसानं तो घडीघडी मोडला, पन देवानं आपला शब्द सोडला नाही. करार असा रायते. मी इथं नसन, तरी तो शेतासंग राहीन."

सगळे जानरावांकडे पाहू लागले. ते म्हणाले, "बाई, आमी देव मानत नाही. पन पान्याचं मले नका सांगू. माही माय दुसऱ्याच्या विहिरीपाशी घागर घेऊन उभी राहे. कोनी वरून पानी टाकंल तवा घरी चूल पेटे. लिहा रामराव. अन् एक शब्द माह्याकडून वाढवा. स्वतःच्या हातानं."

पुढे जागा नव्हती. म्हणून रामरावांनी माझे दुसरे पान पालटले आणि पाठीवर लिहिले: 'तांड्यातील कोणासही सदर विहिरीवर स्वतःच्या हाताने पाणी भरण्यास मज्जाव करू नये. ही अट खरेदीदार, त्याचे वालीवारस व पुढील घेणारे यांवर बंधनकारक राहील.' खाली पुन्हा सह्या झाल्या. मित्रांनो, त्या दिवशी मला माझ्या तोंडापेक्षा पाठीचाच जास्त अभिमान वाटला.

पुढची वर्षे मी जानरावांच्या पत्र्याच्या पेटीत काढली. दर उन्हाळ्यात ते मला बाहेर काढत, ऊन दाखवत आणि फक्त पाठ वाचत. विहिरीवर तांड्यातल्या बायांचे बोलणे, हसणे, भांडणेही चालत. मग भाऊसिंग गेले आणि काही वर्षांनी जानरावही. मला विचारणारे कोणी उरले नाही.

जानरावांचा मुलगा संघदीप मनाने चांगला. पेटीत वाळवी शिरलेली दिसली तशी त्याने मला मानोऱ्याला लॅमिनेशनला नेले. हौसेनेच नेले हो! दुकानदार धनराज म्हणाला, "दोनी पानं पाठीले पाठ लावून एकाच कव्हरात बसवून देतो. मस्त दिसंल." संघदीप हो म्हणाला. गरम यंत्रातून मी निघालो तो चकचकीत झालेला, पण माझी अट पोटात गेलेली. मला किती ओरडावेसे वाटले! प्लास्टिकच्या आत कोण ऐकणार?

यंदा संघदीपने संत्र्याची रोपे लावली. विहिरीचे पाणी खाली गेले, तसे त्याने शेताला तारेचे कुंपण घातले आणि फाटकाला कुलूप लावले. तांड्याचा नळ तर होळीपासूनच कोरडा होता. मोतीबाई, आता साठीची, रिकामी गुंडी, म्हणजे पाण्याची कळशी, घेऊन संघदीपच्या अंगणात आली.

"काहून बंद केलं रे, लेका? कागदात लिहेल आहे, आमाले अडवता येत नाही."

संघदीपने मला आणले. इकडून वाचले, तिकडून वाचले. "मावशी, यात काहीच नाही. असन तर दाखव, मी आत्ता कुलूप काढतो."

"मले वाचता येत नाही. पन लिहिनाऱ्यानं पान पालटलं होतं. मी या डोयानं पाह्यलं. तुही पाठ कुठी गेली, इचार त्या कागदाले."

ती तशीच परत गेली. तिच्या गुंडीत थेंबही नव्हता. माझ्यामुळे! त्या दिवसाइतकी लाज मला कधी वाटली नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी संघदीप एकटाच ब्लेड घेऊन बसला. प्लास्टिकबरोबर मीही टरटर फाटलो. मुद्रांक गेला, चतुःसीमा गेली. पण पाठ उघडी पडली. त्याने अट वाचली, बापाची सही पाहिली. घरात कोणी नव्हते, कोपऱ्यातल्या चुलीत अजून विस्तव होता. मला तिच्यात घातले असते तर कोणाला कळले असते? त्याने मला खिशात घातले आणि तो तांड्यावर गेला.

साऱ्या बायांसमोर त्याने मला मोठ्याने वाचले. मग फाटक उघडून विहिरीवर गेला, स्वतःच बादली सोडली आणि म्हणाला, "आन मावशी गुंडी, मी भरून देतो."

मोतीबाईने त्याच्या हातातला दोर घेतला. "सरक, लेका. आताच काय वाचलं तू? माह्या हातानं काढतो मी."

संघदीप बाजूला झाला आणि मान खाली घालून उभा राहिला. मोतीबाईने सावकाश बादली ओढली.

आता मी फाटका आहे, चिकटपट्टीने जोडलेला. नोंदणी कचेरीतून माझी नवी नक्कलही आली आहे, दोन्ही बाजूंची. मित्रांनो, जुने कागद जपा, पण चमकवण्याआधी त्यांची पाठ एकदा वाचा. आणि माझ्यासारखा कागद उद्या जळाला, हरवला, तरी दिलेला शब्द तुमच्याकडेच असतो. तो मात्र कोणी मागायला येण्याची वाट न पाहता पाळा. मोतीबाईची गुंडी त्या दिवशी रिकामी गेली, ते मी अजून विसरलेलो नाही.