कर्नलसाहेबांचं ‘आणि’

बगळ्याचं तोंड डावीकडे की उजवीकडे, यावर आमच्या समितीने त्या दिवशी दोन तास घालवले. घड्याळ लावून सांगते, दोन तास! तेवढ्यात दोन किटल्या चहा संपला, आल्याची बिस्किटं संपली, आणि माझी सहनशक्ती तर त्याच्याही आधी संपली.

बगळा हे आमच्या हार्टनशायर पलटणीचं बोधचिन्ह. पलटण आता उरलेली नाही. साठीच्या दशकात तिला शेजारच्या काउंटीच्या पलटणीत मिसळून टाकलं, मग त्या मिश्रणाचं आणखी कुठे लोणचं घातलं. उरलं काय, तर एल्मबरीच्या जुन्या बराकीतल्या दोन ओलसर खोल्यांचं संग्रहालय, नऊ म्हातारे शिपाई आणि मी. मी बेरिल टॉडहंटर. माझे वडील या पलटणीत सार्जंट होते, म्हणून सतरा वर्षांपूर्वी ‘जरा पत्रं तेवढी लिहून द्या’ असं म्हणून मला चिटणीस केलं. ते ‘जरा’ अजून चालू आहे.

पलटणीचा नवा आणि शेवटचा इतिहास छापायचा होता. आतला मजकूर तयार, छापखानेवाला रोज फोन करून माझं डोकं खातोय, आणि इथे मुखपृष्ठावरच्या बगळ्याची मान वळत नव्हती.

“अठराशे एक्क्याऐंशीच्या आधी तो डावीकडे बघायचा,” मेजर फॅनशॉ टेबलावर बोट आपटून म्हणाले. हे आमचे अध्यक्ष. वय अठ्ठ्याहत्तर, पाठ फळीसारखी ताठ, स्वभाव त्याहून ताठ.

“मग मधे बघू दे ना त्याला,” डेनिस पोकॉक शेवटचं बिस्किट चहात बुडवत म्हणाला. डेनिस पूर्वी बँडमध्ये ढोल वाजवायचा. अजूनही तो बोलला की खिडक्यांच्या काचा हलतात. “सरळ वाचकाच्या डोळ्यांत बघू दे. घाबरून पुस्तक तरी घेतील.”

“पोकॉक, हा पलटणीच्या अब्रूचा प्रश्न आहे.”

“अब्रू बगळ्याच्या मानेत असते हे माहीत नव्हतं मला,” मी म्हणाले. “मेजर, पुढचा विषय घ्या. टिपेटचं नाव.”

मेजरनी चष्मा काढला. त्यांनी चष्मा काढला की नकार येणार, हे मला सतरा वर्षांत पाठ झालंय.

हा टिपेट म्हणजे प्रायव्हेट लेनर्ड टिपेट. वीस वर्षांचा पोरगा, चव्वेचाळीसच्या ऑगस्टमध्ये फ्रान्समध्ये मेला. त्या महिन्यात आमची दुसरी बटालियन इतकी कापली गेली की ती मोडून उरलेली माणसं इकडेतिकडे वाटून टाकली. लेनसकट बारा जणांना शेजारच्या पलटणीकडे पाठवलं. आमच्या कारकुनाने सकाळी सहाला त्यांची नावं वहीतून खोडली. ट्रक निघाला. वाटेत त्यावर तोफगोळा पडला. अकरा जण लंगडत का होईना पोचले, लेन नाही पोचला. त्यामुळे तिकडच्या कारकुनाने त्याचं नाव लिहिलंच नाही. म्हणजे बिचारा मेला तेव्हा तो कोणाचाच नव्हता! आमचे म्हणतात, आम्ही खोडला. ते म्हणतात, आमच्याकडे आलाच कुठे?

आणि त्याची बहीण आयव्ही गॅड, वय वर्षं एक्क्याण्णव, दर मे महिन्यात सेंट ऑल्डहेल्मच्या चर्चमध्ये तिसऱ्या बाकावर येऊन बसते. आमच्या पलटणीची एक रीत आहे. अठराशे अकरा साली स्पेनमध्ये सांता ओलायाच्या टेकडीवर आमच्या एका कंपनीने द्राक्षमळ्याची भिंत धरून ठेवली होती. त्रेचाळीस जण मेले. संध्याकाळी सार्जंटने हजेरी घेतली तेव्हा जिवंत राहिलेल्यांनी मेलेल्यांच्या नावालाही ‘हजर’ म्हटलं. तेव्हापासून दर मे महिन्यात एका रविवारी आम्ही हजेरी घेतो. आधी ते त्रेचाळीस, मग दुसऱ्या महायुद्धातले. आमच्याकडे मेलेला माणूस गैरहजर नसतो. प्रत्येक नावाला जुना शिपाई आळीपाळीने ‘हजर’ म्हणतो. एक नाव एकदाच वाचायचं. मधे खोकायचंसुद्धा नाही.

त्या यादीत लेनचं नाव नाही. गॅडबाई दरवर्षी शेवटच्या नावापर्यंत मान पुढे करून ऐकतात, मग पर्स उचलतात आणि घरी जातात. एका शब्दाने तक्रार नाही. त्या भांडल्या असत्या तर मला इतका त्रास झाला नसता.

“फ्रान्समधल्या त्याच्या थडग्यावर आपला बगळा कोरलाय, मेजर,” मी म्हणाले. “मेला तेव्हा अंगावर आपलाच बिल्ला होता.”

“दगड म्हणजे कागद नव्हे, टॉडहंटरबाई. आज एकाला घेतलं तर उद्या कोणीही येईल. नियम आहे.”

“कोण येणार आहे उद्या? दार उघडं ठेवलं तरी आपल्याकडे मांजर येत नाही!”

डेनिस खो खो हसला. मेजर नाही हसले. विषय पुढच्या बैठकीवर ढकलला. ये रे माझ्या मागल्या!

दुसऱ्या दिवशी मी गॅडबाईंकडे गेले. सांगणार तरी काय? त्यांनी माझ्या तोंडाकडे बघितलं आणि किटली चुलीवर ठेवली.

“नाही म्हणाला ना तुझा मेजर? असू दे गं पोरी. त्याचा बापही तसलाच होता, गेटाच्या खांबासारखा.” मग कान माझ्याकडे करून म्हणाल्या, “मोठ्याने बोल, हे यंत्र नुसतं शिट्ट्या मारतं.”

“मी सोडणार नाही त्यांना,” मी ओरडून म्हणाले.

“आमचा लेन हजेरीच्या बाबतीत पहिल्यापासून कमनशिबी बघ. गावात एकाच वर्गाची शाळा. हा मेला कालव्यावर मासे धरायला पळायचा आणि बाईंनी नाव घेतलं की मी आवाज बदलून ‘हजर, मिस’ म्हणायची. मिस ओकशॉट. पकडलं तिने एकदा. दोन्ही हातांवर सहा-सहा छड्या!” त्यांनी तळहात पुढे केले, जसे काही वळ अजून असावेत. “संध्याकाळी त्याने मला एवढासा मासा आणून दिला. माझ्या बारा छड्यांचा एक मासा! निम्मा काट्यांचाच होता.”

त्या हसल्या. मग म्हणाल्या, “एकदा कोणी त्याच्यासाठी हो म्हणालेलं ऐकायचंय, एवढंच. पुढच्या मे महिन्याची हमी डॉक्टर देत नाही.”

मी रडवेली होऊन बाहेर पडले, आणि बस येईपर्यंत रडण्याची जागा रागाने घेतली. राग मला अधिक शोभतो.

त्याच आठवड्यात छापखानेवाल्याने नवीन खुसपट काढलं. पुस्तकात कर्नलसाहेबांच्या पत्राचा फोटो हवा होता, पण काचेवर खिडकी चमकते म्हणे. काच काढा.

हे पत्र म्हणजे आमच्या पलटणीचं दैवत. सांता ओलायाच्या संध्याकाळी कर्नलने लिहिलेलं, शंभरएक वर्षं चौकटीत. एकच पान. ‘माझ्या माणसांनी भिंत सोडली नाही. त्यांनी भिंतीसारखंच राहायचं ठरवलं,’ वगैरे. आणि पानाच्या अगदी तळाशी शेवटचा शब्द आहे ‘आणि’. बस. पुढे काही नाही. जुन्या इतिहासग्रंथात लिहिलंय की इथे कर्नलसाहेबांचा कंठ दाटून आला, लेखणी थांबली. मेजर एकतीस वर्षं दर मे महिन्यात ते पत्र तोंडपाठ म्हणतात. शेवटी “आणि...” म्हणून थांबतात. डोळे भरून येतात. सगळ्या चर्चचे भरून येतात. खोटं कशाला बोलू, माझेही येतात.

“काच काढा,” मेजर फोनवर म्हणाले, “पण कागदाला हात लावू नका.”

आता हात न लावता कागद काचेखालून कसा काढतात, हे कोणत्या सैनिकी शाळेत शिकवतात कोण जाणे. मी मागची फळी काढली. ती ओलीने भुसभुशीत झाली होती, हातातच आली. आणि कागदाची मागची बाजू समोर आली.

मागे लिहिलं होतं.

कप्पाळ माझं! शंभर वर्षं ही माणसं त्या ‘आणि’पुढे टोप्या काढून उभी राहिली, आणि एकालाही वाटलं नाही की कागद उलटून बघावा. कर्नलचा कंठबिंठ काही दाटला नव्हता. पान संपलं होतं. त्याने उलटं केलं आणि पुढे लिहिलं, ‘बूट पाठवा. तीनशे जोड. मागच्या खेपेचे कागदाचे होते की काय, पावसात विरघळले.’

मी खुर्चीत बसून एवढी हसले की खालच्या वाचनालयातली बाई वर बघायला आली. मग मी पुढचं वाचलं आणि हसू थांबलं.

मेजरना मी तिथल्या तिथे बोलावून घेतलं. ते उभ्याने वाचायला लागले.

“बूट?” ते म्हणाले.

“बूट. तीनशे जोड.”

ते खाली बसले. एकदम म्हातारे दिसायला लागले. “माझे वडील,” ते हळूच म्हणाले, “त्या ‘आणि’वर रडायचे.” मला त्या क्षणी त्यांची इतकी दया आली की चिडायचं राहूनच गेलं. पण फार वेळ नाही.

“आता खालचं वाचा,” मी म्हणाले. “मोठ्याने.”

त्यांनी वाचलं. ‘मेलेल्यांत टोबायस क्रेन नावाचा एक जण दुसऱ्या पलटणीचा आहे. वाट चुकून आमच्यात आला आणि परत गेला नाही. त्याचं नाव आमच्या यादीत घालावं. कारकुनाची हरकत आहे. कारकुनाला सांगावं की जो आमच्यात उभा असताना मेला तो आमचा, कागद काहीही म्हणोत.’

क्रेन आमच्या यादीतला सातवा. मेजर लहानपणापासून त्याच्या नावाला ‘हजर’ ऐकत आले होते.

“हा आदेश त्या दिवसापुरता होता,” मेजर म्हणाले. “शिवाय टिपेट आपल्यात उभा नव्हता. ट्रकमध्ये होता.”

म्हणजे बघा! पालथ्या घड्यावर पाणी! माझं डोकं फिरलं.

“मेजर, त्या ट्रकमध्ये बारा माणसं होती आणि बाराही टोप्यांवर बगळा होता. डावीकडे बघत होता की उजवीकडे, ते त्या तोफगोळ्याला विचारा! तुमच्याच कर्नलने सही करून ठेवलीय. शंभर वर्षं तुम्ही त्याच्या अर्ध्या वाक्यावर रडलात, आता उरलेलं अर्धं ऐका तरी! नाहीतर स्वतः जाऊन त्या म्हातारीला सांगा की तुझा भाऊ सहा वाजता खोडला. मी नाही जाणार. मला तिचे तळहात बघवत नाहीत.”

मेजरनी चष्मा काढला. मी मनात म्हटलं, झालं, बोंबला.

“कुठे येईल तो?” त्यांनी चष्मा पुसत विचारलं. “टॅपलोच्या नंतर?”

“टोझरच्या आधी,” मी म्हणाले.

मे महिन्याच्या रविवारी गॅडबाई निळा कोट घालून आल्या. मी त्यांच्या शेजारी बसले. आधी काही सांगितलं नव्हतं, स्वतःच्या कानांनी ऐकू दे म्हणून. नऊ म्हातारे पुढच्या दोन बाकांवर. नावं वाचायला डेनिस, कारण त्याला ध्वनिक्षेपक लागत नाही. मी आधीच मोजून ठेवलं होतं, टिपेटची पाळी नेमकी मेजरवरच येत होती.

मेजरनी पत्र म्हटलं, नव्याने, बुटांसकट. लोक हसले, मेजरचे कान लाल झाले, पण ते क्रेनपर्यंत वाचत गेले. मग ऑर्गन वाजला, मग हजेरी सुरू झाली. क्रेन, हजर. नाव, हजर. नाव, हजर.

“प्रायव्हेट टॅपलो, जॉर्ज.” हजर. “प्रायव्हेट टिपेट, लेनर्ड.”

“हजर!” मेजर म्हणाले, खणखणीत.

मी गॅडबाईंकडे वळले. त्या मान पुढे करून ऐकत होत्या. तशाच. टोझर झाला, टकर झाला, वूलकॉट झाला. यादी संपली. चर्चमध्ये टाचणी पडली तरी ऐकू येईल अशी शांतता. आणि त्यात गॅडबाई बहिऱ्या माणसाच्या मोठ्या आवाजात मला म्हणाल्या, “संपलं? याही वर्षी नाहीच ना गं?”

ऑर्गन वाजताना शिट्ट्या मारतं म्हणून त्यांनी कानातलं यंत्र काढून मांडीवर ठेवलं होतं. आणि मी शहाणी, नावं मोजत बसले होते! मला जमिनीने गिळावं असं झालं.

मेजर वळले. एकतीस वर्षांत ते हजेरीत वळले नव्हते. त्यांनी मांडीवरचं यंत्र बघितलं, मला बघितलं. मी घाईघाईने ते गॅडबाईंच्या कानात बसवलं.

“पोकॉक,” मेजर म्हणाले, “टिपेटला पुन्हा बोलाव.”

“पण मेजर, एक नाव एकदाच...”

“बोलाव म्हटलं ना!”

डेनिसने छाती भरून घेतली. “प्रायव्हेट टिपेट, लेनर्ड!”

मेजरनी तोंड उघडलं. पण त्यांच्या आधी माझ्या शेजारून एक हात वर गेला आणि जाडसर, पोरासारखा काढलेला आवाज आला.

“हजर, मिस!”

कोणी हसलं नाही. मेजरनी तोंड मिटलं आणि गॅडबाईंना सलाम केला, पूर्ण, टाचा जुळवून. गॅडबाईंनी हात खाली घेतला आणि तळहाताकडे बघितलं.

सोमवारी सकाळी आठला फोन. मेजरच. नाव दोनदा वाचलं गेलं, उत्तर सभासद नसलेल्या व्यक्तीने दिलं, तेही चुकीच्या शब्दांत, याची इतिवृत्तात रीतसर नोंद हवी म्हणे. देवा रे! हा माणूस सुधारायचा नाही.

“तुम्ही काय लिहिलंत?” त्यांनी विचारलं.

मी वही ओढली आणि लिहिलेलं वाचून दाखवलं. “सर्वांची हजेरी घेतली. गैरहजर, कोणी नाही.”

पलीकडे पेनाचं टोपण बंद झाल्याचा आवाज आला.

“ठीक आहे,” मेजर म्हणाले. “राहू द्या तसंच.”