तिसरा आग्रह

इराणमधल्या क्रांतीनंतर नट हूशंग दरख्शानीवर आलेली अभिनयाची बंदी बावीस वर्षांनी उठली. का आली आणि का उठली, हे सांगायची तसदी कुणी घेतली नाही. महिन्याभरात पेमान नावाचा तरुण दिग्दर्शक मिठाईचा डबा घेऊन त्याच्या तेहरानच्या जुन्या घरी आला. हूशंगची बायको तूरान हिने चहा आणला.

"उस्ताद, एका विसरलेल्या नटाची गोष्ट आहे. भूमिका तुमचीच."

हूशंगला भूमिका हवीच होती. पण म्हणताक्षणी हात पसरायचा? इथे भुकेला पाहुणाही दोनदा नको म्हणतो आणि यजमान तिसऱ्यांदा वाढतोच.

"छे! आता कसला नट! एखाद्या तरुणाला द्या."

"असं कसं, उस्ताद? तुमच्याशिवाय कोण?"

"नाही हो, संवादच लक्षात राहत नाहीत." धडधडीत खोटं. बावीस वर्षं तो रोज आरशापुढे संवाद घोकत होता.

आता तिसरा आग्रह. 'तुमचा शब्द कसा मोडू' हे वाक्य त्याने जिभेवर तयार ठेवलं.

पेमानने चहा संपवला. "तुमची मर्जी. मग निदान हे घर चित्रीकरणाला द्याल?"

"घर तुमचंच आहे," हूशंग सवयीने बोलून गेला. हे मात्र पेमानने पहिल्याच फटक्यात घेतलं.

दार लागताच तूरान कडाडली. "अहो, तो घर बघायलाच आला होता! फोन करा, म्हणावं काम हवंय."

"मी मागू?"

"मग बसा मानपान कुरवाळत!"

चार दिवसांनी त्याने फोन केला खरा. पेमानच्या आईची तब्येत विचारली आणि ठेवला. तूरानने कपाळावर हात मारून घेतला.

चित्रीकरणाच्या दिवशी खिडकीजवळच्या हूशंगच्या खुर्चीत, त्याचाच कोट घालून दुसरा नट बसला होता. फोन वाजत नाही तरी त्याच्याकडे बघत राहायचं, एवढंच करायचं होतं. सात वेळा झालं, जमेना. पेमान वैतागला.

"उस्ताद, तुम्ही जरा दाखवता?"

या वेळी हूशंगने एकदाही नको म्हटलं नाही. तो बसला. फोनकडे बघत राहिला. काहीच केलं नाही त्याने, तरी दिवे धरणारी माणसंही जागच्या जागी थांबली. तूरानने ओढणीने तोंड झाकून घेतलं.

"वा, उस्ताद!" पेमानचे डोळे भरून आले होते. मग तो त्या दुसऱ्या नटाकडे वळला.

"बघितलंत ना? अगदी असंच करा. उस्ताद, आता खुर्ची तेवढी मोकळी करता?"