सुतळीवरचा अंक

मी 'थांबा'. लोधिवलीच्या नाक्यावर, चहाच्या टपरीत सुतळीला लटकलेला एक अंक. रस्त्यावरच्या प्रवासाबद्दलच मी बोलतो. बाकीच्या विषयांसाठी जाडजूड मासिकं आहेत.

माझा जन्म खोपोलीच्या एका छोट्या छापखान्यात झाला. संपादक ललिताताई एकट्याच. मजकूर गोळा करणं, तपासणं, गठ्ठे स्कूटरला बांधणं, सगळं त्यांच्याच गळ्यात. आम्हाला वर्गणीदार नाहीत. चौकपासून खोपोलीपर्यंत जुन्या हायवेच्या टपऱ्यांवर आम्ही लटकतो. चहा येईपर्यंत वाचायचं आणि परत सुतळीवर टाकायचं, एवढाच नियम.

माणसं मला मागून चाळतात. चटणीची बोटं तर हमखास माझ्यावरच पुसतात. मी मनाला लावून घेत नाही. टपरीवर राहायचं तर एवढं चालायचंच.

या अंकात भिवाजीमामांचा लेख होता. मामा जन्मभर ट्रक चालवलेला माणूस, लिहिण्याची ही पहिलीच वेळ. बोरघाट चढताना भरलेली गाडी बंद पडली, ब्रेक लागेना, गाडी मागे सरकू लागली. क्लीनरने उडी टाकून चाकामागे दगड लावला. गाडी थांबली, मामा वाचले, क्लीनर चाकाखाली गेला. लेख चांगला उतरला होता. ललिताताईंनी एक शब्दही बदलला नाही.

एक दिवस कॉलेजातून येताना गावातल्या आरोहीने मला नियम मोडून घरी नेलं आणि आजीला, बायजाबाईंना, तो लेख वाचून दाखवला. तो क्लीनर म्हणजे आरोहीचे आजोबा. म्हातारी हातातली भाजी निवडायची थांबून ऐकत राहिली.

"सपलं?" तिने विचारलं.

"संपलं गं आजी."

"मग ह्यात आमचं माणूस कुठं हाय?"

आरोहीने पुन्हा पान चाळलं. सगळीकडे क्लीनर होता. नाव कुठेच नव्हतं.

तिने माझ्यावर छापलेल्या नंबरवर फोन केला. दुसऱ्या दिवशी ललिताताई मामांना स्कूटरवर मागे बसवून बायजाबाईंच्या घरी आल्या. मामांची मान वर होईना.

"वयनी, गाडीवर त्याला नावानं कुणी हाकच मारली नाय. 'ए क्लीनर' म्हटलं की यायचा. लिवतानाबी हाताला त्योच शबुद आला."

"माझंही लक्ष गेलं नाही," ललिताताई म्हणाल्या. "पुढच्या अंकात दुरुस्ती छापते."

"आन् ह्यो वाचून पुढं गेल्यांचं काय?" बायजाबाई म्हणाल्या. "त्ये काय परत येतील व्हय पुढचा वाचायला? तुमचा जीव वाचला भिवाजी, मी कदी वाकडं बोलली नाय. पर एवढं लिवलंत, तर त्यांना बिननावाचं नका ठेवू."

ललिताताईंना माझ्या स्वच्छ पानांचा फार अभिमान. छापलेल्या पानावर पेन चालवणं त्यांच्या जिवावर आलं होतं, हे मला दिसत होतं. तरी त्यांनी पर्समधून पेन काढलं.

"नाव काय होतं, आजी?"

बायजाबाईंनी पदर सारखा केला. "मी कशी घेऊ? भिवाजींना ठावं हाय."

मामा चौथीपर्यंत शिकलेले. मांडीवर मला ठेवून त्यांनी जिथे जिथे क्लीनर होता, तिथे तिथे तो खोडून वर नाव लिहिलं. अक्षरं वाकडी आली. मग ललिताताई आणि मामा बाकीच्या अंकांतही नाव घालायला स्कूटरवरून टपरी-टपरीला गेले. सगळेच अंक काही सापडले नाहीत. काही गाड्यांबरोबर घाट चढून गेले होते. ते तसेच फिरत असतील. याचं मला वाईट वाटतं.

घरी आरोहीने लेख पुन्हा वाचला. नाव आलं की म्हातारी म्हणायची, "परत वाच गं." मला वाटलं, आता ही मला पेटीत ठेवून देणार.

पण ती मला घेऊन स्वतः टपरीवर आली. टपरीवाला नवनाथ हसला. "आजी, तुमी कवापासून वाचाया लागल्या? काय हाय त्यात?"

तिने मला सुतळीवर नीट टाकलं.

"चांगो हाय," ती म्हणाली.

आरोही बघतच राहिली. आजोबांचं नाव आजीच्या तोंडून तिने कधी ऐकलं नव्हतं.

आता माझं वरचं पान फाटलंय, कडा चहाने पिवळ्या पडल्यात. दिवस फार उरलेत असं वाटत नाही, त्याबद्दल तक्रारही नाही. तुमचा चहा येईल इतक्यात. तेवढं मधलं पान वाचा, आणि पेनाने लिहिलेलं गाळू नका.