सायेबबाबाची हळद

वैशाखातल्या त्या सकाळी साडेसात वाजता गोऱ्यांच्या स्मशानाचं फाटक उघडलं नाही. शालननं हळदीची वाटी डाव्या हातात घेतली, उजव्या हातानं फाटक पुन्हा ढकललं, तेव्हा आतल्या बाजूचं नवंकोरं पितळी कुलूप हललं. मागं बायकांचा घोळका होता, त्यामागं बेंजोवाले. त्यांना पुढचं काही दिसत नव्हतं. ते वाजवतच राहिले.

"आरं, थांबीवा ते!" धोंडुबाई ओरडली. धोंडुबाई शालनची चुलतसासू. तिचा आवाज बेंजोच्या वर जायचा. "हितं कुलूप हाय, आन् ह्येंचं चाललंय ढँग ढँग!"

आत प्रसेनजीत कांबळे एका थडग्यापाशी उकिडवा बसला होता. कोल्हापूरच्या कॉलेजात इतिहास शिकवणारा हा तरुण प्राध्यापक चार दिवसांपासून गावात होता. जुन्या स्मशानांची देखभाल करणाऱ्या एका मंडळानं त्याला पाठवलं होतं. कुलूप त्याचंच.

नेसरीच्या अलीकडं, माळाच्या कडेला अकरा थडगी. समोरच्या गडावर कंपनी सरकारची फौज चालून आली, त्या लढाईत पडलेले शिपाई इथं पुरलेले. दहा थडगी बिनअक्षरी. अकराव्यावर संगमरवरी पाटी, आणि पाटीवर हळदतेलाचा बोटभर थर. हा सायेबबाबा. त्याला लागलेली गोळी शालनच्या सासरच्या कुणा पूर्वजानं गडावरून झाडली, असं घरात सांगत आले होते. पोरगा बिनलग्नाचा गेला, म्हणून या घरची लग्नं अडवतो. तेव्हा हळदीची पहिली चिमूट त्याला, मग नवरीला. शालनच्या लेकीच्या, वर्षाराणीच्या, दोन सोयरिकी ठरून मोडल्या होत्या. तिसरी टिकली होती, आणि लग्न उद्यावर आलं होतं.

"सर, दार उघडा की. हळद लावतो आन् जातो."

"मावशी, संगमरवर आहे तो. हळद दगडात उतरते. पाटी खराब होते."

"आत्तापातूर न्हाय झाली ती?"

"झालीच होती. काल दिवसभर पाण्यानं धुतली, तेव्हा कुठं दगड दिसला."

शालनच्या हातातली वाटी कलली. "धुतली? समदी?"

"समदी नाही."

"उद्या अक्षता हायत्या माझ्या पोरीच्या. कायबाय झालं तर तुमी येणार हाय का निस्तराय?"

"शालन, बाजूला हो," धोंडुबाईनं नऊवारीचा ओचा खोचला. "मी भिताडावरनं जातो. पडलो तर बारावं थडगं बांधा म्हणावं ह्येंच्या मंडळाला."

बायका खिदळल्या. प्रसेनजीतलाही हसू आवरेना. त्यानं किल्ली काढली.

"या. पण लावायच्या आधी बघा. मग तुम्हीच ठरवा."

पाटीवरचा थर गेला होता. कोरलेल्या अक्षरांत बसलेली हळद मात्र निघाली नव्हती. पांढऱ्या दगडावर पिवळ्या ओळी ठसठशीत उठून दिसत होत्या.

"ही हळद नसती तर मला एक अक्षर लागलं नसतं," तो म्हणाला आणि ओळीखाली बोट फिरवत सांगू लागला. "लेफ्टनंट वॉल्टर हॅन्कॉक. वय सव्वीस." बोट थांबलं.

"आन् फुडं?"

"पुढं असं आहे, की ही पाटी त्याच्या बायकोनं बसवली. एलिझानं. आणि मेरीनं. मेरी म्हणजे त्याची मुलगी."

बाहेर बेंजोवाल्यानं कशाला तरी बोट लावलं, तेवढा एक सूर वाजला.

"बायकू?" धोंडुबाई शेजारच्या थडग्यावर टेकली. पदर तोंडाला लावला, पण हसू पदरात मावेना. "आगं आये गं! लगीन झाल्याल्या बाप्याला दर लग्नात हळद फासतोय व्हय आमी! त्या एलिझाबाईनं वरनं बघितलं आसंल, म्हणली आसंल, ह्या कोण सटव्या माझ्या नवऱ्याच्या गालाला लागल्यात!"

हसण्याची लाट घोळक्यातून मागं मागं गेली आणि बेंजोवाल्यांपर्यंत पोचली.

शालन हसली ती सगळ्यांच्या नंतर. आधी तिनं एक मोठा श्वास सोडला, नवरी होऊन या घरात आल्यापासून अडकून राहिलेला असावा तसा. मग ती गुडघ्यावर बसली आणि पाटीच्या कडेला राहिलेला एक तेलकट ओघळ पदराच्या टोकानं पुसून काढला.

"पोरीचा बाप हाय म्हंजे," ती म्हणाली. "केवढी हुती पोरगी?"

"ते लिहिलेलं नाही. लहानच असणार."

"मग तिचं लगीन झालं का वो?"

प्रसेनजीतनं पाटीकडं पाहिलं, जणू एखादी ओळ वाचायची राहिली असावी.

"माहीत नाही, मावशी. लिहून विचारतो तिकडं."

"इचारा. नक्की इचारा."

तिनं फाटकाजवळच्या पळसाचं पान तोडलं, थडग्याच्या पायथ्याशी मातीवर ठेवलं आणि वाटीतली पहिली चिमूट त्यावर सोडली. "ही मेरीची."

"दगडाला लावायची न्हाय ना, सर?" धोंडुबाई उठली. "बरं." आणि प्रसेनजीत मागं सरायच्या आत तिनं त्याचे दोन्ही गाल पिवळे केले. "वाजवा रं!"

बेंजो सुरू झाला. स्मशानाच्या फाटकात तिनं पहिली गिरकी घेतली. प्रसेनजीतनं चष्मा पुसायला काढला, तर चष्म्यालाही हळद.

वर्षाराणीचं लग्न दुसऱ्या दिवशी लागलं. पंगतीत प्रसेनजीतला दोनदा वाढलं, तांबडा रस्सा तीनदा. जाताना कुलपाची किल्ली त्यानं शालनच्या हातात दिली. ती तिच्या देवघराच्या खुंटीला लटकते.

त्यानं इंग्लंडला पत्र धाडलं, मग दुसरं. दीड वर्षानं, २००६ च्या दिवाळीत उत्तर आलं, ते सांगायला तो स्वतः गावात आला. एलिझा हॅन्कॉक लहान मुलीसह मुंबईला जहाजात बसली आणि इंग्लंडात सुखरूप उतरली, इथवर नोंद मिळाली होती.

"पोचल्या म्हंजे," शालन म्हणाली. तिनं वर्षाराणीच्या लेकराला या मांडीवरून त्या मांडीवर घेतलं. "आन् लगीन?"

"शोधतायत."

"शोधा म्हणावं, सावकाश. पान ठेवतोयच आमी."

त्यानंतर त्या घरात आणखी दोन लग्नं झाली. मेरी हॅन्कॉकच्या लग्नाची नोंद अद्याप मिळालेली नाही.