बुधाबाबाचे पेन्शनीतले वाघ

हिवाळ्याचं कोवळं, तिरपं ऊन डोळखांबच्या डोंगराआडून उतरलं, की त्यातला सोनेरी वाटा आधी बुधाबाबाच्या दाढीला मिळे. कारण त्या दाढीत सागाच्या ढलप्या कायमच्या मुक्कामाला असत. आमच्या ठाकरपाड्याचे देव कोरणारा तो, आणि वनजमिनीच्या प्रत्येक मोर्च्यात सर्वांत पुढे चालणाराही तोच. खांद्यावर लाकूड तासायचा वाकस, ओठांत विझलेली विडी आणि मुद्रा अशी धीरगंभीर, की शहापूरच्या कचेरीतला शिपाई त्याला पाहून आपसूक उभा राही.

पाड्याच्या शिवेवरचा सागवानी वाघदेव त्यानेच कोरलेला, आणि तो वाघ चक्क हसत असे. ‘‘भुकेला कोरला तर गावात यील ना, गुरुजी. पोट भरल्याला बरा,’’ हे बाबाचं शिल्पशास्त्र.

मी तिथला शाळामास्तर, म्हणून जमिनीच्या दाव्याचे कागद माझ्या माथी. पाडा पिढ्यान्‌पिढ्या इथेच नांदतो, एवढं सिद्ध करायचं होतं. नाही झालं तर नाचणीचा माळ हातचा जाणार होता. पुरावा म्हणून मी शिवेवरचा जुना वाघदेव लिहिला. आणि माझ्या जिभेला हाड नाही, कचेरीतल्या साहेबांच्या पाहणीच्या आठवडाभर आधी बाबाला बोलून गेलो, ‘‘साहेब येतायत, देव जरा नीटनेटका असू दे.’’

पाहणीच्या सकाळी शिवेवर नवाकोरा वाघ उभा. पाहुण्याला जुनंपानं दाखवायचं नाही, ही पाड्याची रीत. साहेबांच्या बोटाला ओला शेंदूर लागला.

‘‘हा तर कालचा दिसतो.’’

मी हातातल्या दाव्यावरचा ‘जुना वाघदेव’ अंगठ्याने झाकला. बाबा मात्र खूश. ‘‘कालचाच. बरा झालाय ना?’’

‘‘अहो, जुना कुठाय?’’ मी काकुळतीने विचारलं.

‘‘त्यो पेन्शनीत.’’

तो आम्हाला ऐनाच्या झाडामागे घेऊन गेला. उतरवलेला देव जाळायचा नाही, टाकायचा नाही. झाडाला टेकवून सावकाश मातीच्या हवाली करायचा. तिथे वाघांची रांगच होती: एक धडधाकट, दुसऱ्याचं नाक झिजलेलं, तिसरा अर्धाच, आणि त्यापलीकडे शेवाळात बुडालेले नुसते खुंट.

‘‘ह्यो माझा. ह्यो बापाचा. त्यो आज्याचा. फुडचं आमाला ठाव नाय, त्यान्लाच इचारा.’’

साहेबांनी बूट काढले. दावा मंजूर झाला, आणि माझ्या मूर्खपणाचं श्रेय बाबाने मरेपर्यंत मलाच दिलं: ‘‘गुरुजी बोलले म्हून साहेब झाडामागं आले.’’

यंदा वाघबारशीला त्याच्या लेकीने, सोमीने, नवा वाघ बसवला, तोही हसतो. बाबाचा शेवटचा वाघ रांगेत गेला आणि वाळवीने डाव्या पायापासून आरंभ केला. बाबा इथे होता याचा पुरावा आता कुणी मागत नाही. तरी मी बूट काढून तिथे उभा राहतो, कारण मला त्याची फार आठवण येते. काळ माणसाला एका घासात नेतो. लाकूड मात्र तो सावकाश खातो, म्हणून अजून थोडा बाबा शिल्लक आहे.